मळ्याचा दगड

मंडळी, पत्रिकेत आजचा विषय ‘ओढ्यांचं खोलीकरण आणि मासे’ असा छापलाय. तिकडे येतेच, पण आधी माशाची ओळख करून देऊ द्या. ओढ्यात पाय सोडून बसलं की पावलांना कोण लुचतं? गुदगुल्या झालेल्यांनी हात वर करा बरं. बघा, निम्मं सभागृह! तोच हा मळ्या.

शास्त्रात त्याला ‘गारा मुल्या’ म्हणतात. यातलं ‘मुल्या’ लॅटिन नव्हे, आपलंच आहे. कर्नल साइक्स हा कंपनी सरकारचा अधिकारी आकडेवारी गोळा करत दख्खनभर हिंडला, आणि इथल्या कित्येक माशांना त्याने शास्त्रीय नावं दिली ती इथल्याच लोकांच्या तोंडची, त्याच्या कानाला ऐकू आली तशी. नकट्याचा ‘नुक्ता’ झाला, मळ्याचा ‘मुल्या’. नावापुढे कंसात आजही ‘साइक्स, १८३९’ लिहितात. ज्यांनी नाव सांगितलं त्या मासेमारांसाठी कंसात जागा नाही. विद्यार्थीदशेपासून ही सल माझ्या मनात आहे, आणि अशी भरलेली खोली मिळाली की मी ती बोलून दाखवते.

मला हा मासा शिकवला तोही एका मासेमार बाबांनीच. मावळात एका ओढ्यावर मी सकाळपासून हातजाळं घेऊन खळाळात उभी होते. डोहात दांडके, मुरे असले दुसरे मासे मिळत होते, पण मळ्या एकही नाही. बाबा काठावर बिडी ओढत बसले होते. शेवटी म्हणाले, “ताई, पाण्यात काय शोधताय? तो दगडावर राहतो.” मग स्वतः उतरले, एका गोट्यावर दोन्ही तळवे उपडे ठेवले, हळूहळू कडेने खाली सरकवले आणि गोट्यासकट ओंजळ वर काढली. बोटभर, काळपट मासा दगडाला धरूनच होता! मला बाबांनी मासा परत सोडायला लावला. दगडही होता तिथे, होता तसाच ठेवायला लावला. “घर हाय त्याचं,” म्हणाले.

या माशाच्या हनुवटीखाली खालच्या ओठाची एक चकती झालेली असते. मध्ये जाड गादी, भोवती बारीक उंचवट्यांची मऊ कडा. ती गुळगुळीत दगडावर टेकली की घट्ट बसते. पोट सपाट, छातीचे पर आडवे पसरलेले, त्यामुळे वरून धावणारं पाणी त्याला उचलत नाही, उलट दाबतं. रोहू-कटल्याच्याच कुळातला आहे हा, पण याच्यात हवेची पिशवी आखडलेली असते. तरंगायचंच नाही तर ती हवी कशाला? तोंड खालच्या बाजूला. दगडावरचं शेवाळ खरवडायचं, आणि ते पचायला वेळ लागतो म्हणून पोटात लांबलचक आतड्याचं वेटोळं.

चिठ्ठी आली, पाच मिनिटं उरलीत. तेव्हा खोलीकरण.

जेसीबी ओढ्यात उतरतो तेव्हा आधी गोटे निघतात. पाणी साठतं, विहिरींना फायदाही होतो, ते मी नाकारत नाही. पण खळाळ गेला की पाण्यात हवा मिसळणं कमी होतं. त्यात साठलेलं पाणी तापतं. २० अंशांच्या लिटरभर पाण्यात ९ मिलिग्रॅमच्या आसपास प्राणवायू मावतो, ३० अंशांना साडेसातच. वरून काठाची सैल माती येऊन उरलेल्या दगडांवर बसते. गाळावर चकती धरत नाही, गाळाखाली शेवाळ वाढत नाही. एकाच फटक्यात घरही गेलं आणि ताटही. अशा संथ पाण्यात तिलापिया हा परदेशातून आलेला मासा मात्र मजेत वाढतो, आणि लोक म्हणतात, मासे तर आहेत की!

माझं मागणं एवढंच, की खोलीकरणाच्या आराखड्यात खळाळ वेगळा दाखवा आणि तेवढा तुकडा सोडा. डोह आधीच खोल असतात, गाळ तिथला काढा. काढलेले गोटे काठावर रचू नका, पात्रात परत टाका.

एका गावाने हे ऐकलं. पावसाळा सरल्यावर मी गेले, तर पाणी नितळ झालं होतं आणि टाकलेल्या गोट्यांवर हिरवट थर चढला होता. त्या थरात जागोजागी बोटाच्या पेराएवढे स्वच्छ घासलेले पट्टे होते.