काळ्या ठिपक्यांचे अंतर

(दृश्य: दिव्याच्या पेटीवर ठेवलेली काच आणि तिच्यावरून हळूहळू सरकणारे भिंग)

पडद्यावर दिसते आहे ते आकाशच आहे, फक्त उलटे. काळोख पांढरा आहे आणि तारे काळे आहेत. रासायनिक लेप दिलेली काच दुर्बिणीत बसवायची, तासन्‌तास तिच्यावर ताऱ्यांचा प्रकाश पडू द्यायचा आणि मग ती अंधाऱ्या खोलीत धुऊन काढायची, अशी जवळजवळ शंभर वर्षे खगोलशास्त्राची वही काचेची होती. अमेरिकेतील हार्वर्ड वेधशाळेच्या संग्रहात अशा पाच लाखांहून अधिक काचा कागदी पाकिटांत उभ्या लावून ठेवलेल्या आहेत. त्यांतील ब्रूस दुर्बिणीची काच १४ इंच रुंद आणि १७ इंच लांब असे, आणि ती दोन्ही हातांनी जपून उचलावी लागे.

ही दुर्बीण २४ इंच व्यासाची होती. न्यूयॉर्कच्या कॅथरीन ब्रूस यांच्या देणगीतून ती तयार झाली, अनेक वर्षे पेरू देशातील आरेकिपा येथे राहिली आणि १९२७ साली दक्षिण आफ्रिकेत ब्लूमफाँटेनजवळ नेली गेली. पुढच्या दशकात तेथे घेतलेल्या काचांवर, शिल्पकार नावाच्या दक्षिणेकडील तारकासमूहात, एक विचित्र डाग आढळला. त्याला डाग म्हणणेही धाडसाचे होते. ती अतिशय मंद ठिपक्यांची विरळ दाटी होती आणि घाईत असलेल्या माणसाने ती बोटाचा ठसा समजून सोडून दिली असती. जुन्या काचांवर शोध घेतल्यावर १९०८ सालच्या एका काचेवर, म्हणजे लहानशा कॅमेऱ्यात तेवीस तासांहून अधिक काळ प्रकाशात धरलेल्या काचेवर, तोच डाग पुसटसा सापडला. तीस वर्षे तो पाकिटात होता आणि कोणी विचारले नव्हते, इतकेच. वेधशाळेचे संचालक हार्लो शॅपली यांनी १९३८ साली तो प्रसिद्ध केला आणि त्याच वर्षी अश्मंत तारकासमूहातील तशाच दुसऱ्या समुदायाचीही नोंद केली.

(दृश्य: भिंगाखाली ठिपक्यांची दाटी, अगदी जवळून)

हे आहे तरी काय, असा प्रश्न आता उभा राहिला. हे ठिपके जवळपासचे मंद तारे असतील, तर तो आपल्याच आकाशगंगेतील एखादा विस्कटलेला तारकागुच्छ. प्रत्येक ठिपका म्हणजे स्वतंत्र दीर्घिका, म्हणजे आपल्या आकाशगंगेसारखा ताऱ्यांचा वेगळा पसारा असेल, तर तो फार दूरचा दीर्घिकांचा समूह. आणि अंतर या दोहोंच्या मधले निघाले, तर ती तोवर न पाहिलेल्या जातीची, आपल्या आकाशगंगेभोवती फिरणारी बटू दीर्घिका. चित्र एकच, उत्तरे तीन, आणि निवाडा करणार ते फक्त अंतर. पाठ्यपुस्तकांत जात आधी येते आणि अंतर कोष्टकाच्या शेवटच्या रकान्यात येते. प्रत्यक्षात काम उलट्या क्रमाने झाले, हे येथे आग्रहाने सांगावेसे वाटते.

अंतर मोजण्याची पट्टी याच संग्रहात तयार झाली होती. आरेकिपाहून आलेल्या काचा पाहता पाहता वेधशाळेतील हेन्रिएटा लेव्हिट यांनी १९०८ साली मॅगेलनिक मेघांतील, म्हणजे दक्षिण आकाशातील दोन लहान दीर्घिकांतील, १,७७७ रूपविकारी (तेज बदलत राहणाऱ्या) ताऱ्यांची यादी प्रसिद्ध केली, आणि १९१२ साली त्यांतील २५ ताऱ्यांवरून दाखवून दिले की ज्या ताऱ्याचा उजेड वाढण्या-उतरण्याचा काळ मोठा, तो तारा मुळातच अधिक तेजस्वी. मुळातले तेज कळले, की तारा किती मंद दिसतो त्यावरून त्याचे अंतर निघते. त्या १९१२ च्या पत्रकाखाली सही तेव्हाच्या संचालकांची आहे. मजकूर लेव्हिट यांनी तयार केला, हे पहिल्या वाक्यात नमूद आहे. बटू दीर्घिकांत मात्र लेव्हिट यांच्या यादीतले असे तेजस्वी तारे फारसे नसतात. तेथे उपयोगी पडतात ते स्वरमंडळातील आरआर लायरी या ताऱ्याच्या जातीचे तारे. त्यांची चढउतार एका दिवसाच्या आत पुरी होते, आणि ते सगळे साधारण सारख्याच तेजाचे, म्हणजे सूर्याच्या सुमारे पन्नास पट तेजाचे असतात. खगोलशास्त्रज्ञ वॉल्टर बाडे आणि एडविन हबल यांनी कॅलिफोर्नियातील माउंट विल्सन वेधशाळेच्या १०० इंची दुर्बिणीतून, शिल्पकार क्षितिजापासून जेमतेम बावीस अंश वर येत असताना, याच जातीचे तारे तेथे शोधले आणि १९३९ साली निकाल लागला: बटू दीर्घिका. आजच्या मोजणीप्रमाणे तिचे अंतर सुमारे पावणेतीन लाख प्रकाशवर्षे आहे.

(दृश्य: एकाच भागाच्या दोन काचा आलटूनपालटून, एक ठिपका फुगतो आणि बारीक होतो)

या ठिपक्याकडे थोडे थांबून पाहावे. हे चित्र कालेय तारकासमूहातील बटू दीर्घिकेचे आहे. ती १९५० च्या दशकात कॅलिफोर्नियातील पालोमार वेधशाळेच्या आकाश-सर्वेक्षणात सापडली. कालेय आपल्याकडूनही उत्तरेला चांगला वर येतो, पण संध्याकाळी पाहावा तर नेमका पावसाळ्यात. या दीर्घिकेची पालोमारच्याच २०० इंची दुर्बिणीतून छायाचित्रे घेतली बाडे यांनी, आणि त्या काचा वाचण्याचे काम केले हेन्रिएटा स्वोप यांनी. स्वोप यांनी हार्वर्डला शॅपली यांच्या हाताखाली हे काम शिकून घेतले होते. युद्धकाळात त्या जहाजांच्या दिशादर्शनाची कोष्टके करत होत्या, आणि १९५२ साली त्या कॅलिफोर्नियात बाडे यांच्याकडे आल्या.

वाचणे म्हणजे काय, ते असे. संशयित ठिपक्याच्या आसपासचे, तेज ठाऊक असलेले चार-सहा स्थिर तारे निवडायचे आणि प्रत्येक काचेवर डोळ्यांनी ठरवायचे की आज आपला तारा याच्याहून मोठा आहे आणि त्याच्याहून लहान आहे. मग पुढची काच, मग तिच्या पुढची. त्यात पुन्हा एक खोच आहे. ज्या ताऱ्याची फेरी नेमकी अर्ध्या दिवसाची आहे, तो रोज रात्री त्याच वेळी पाहिला तर रोज सारखाच दिसेल आणि स्थिर ताऱ्यांत मोजला जाईल. म्हणून रात्रीच्या वेगवेगळ्या प्रहरी घेतलेल्या काचा लागतात, आणि तरीही खोटा काळ हाती लागून सगळी आकडेमोड पुन्हा करावी लागते. या एका दीर्घिकेत अडीचशेहून अधिक रूपविकारी तारे निघाले. बाडे १९६० साली वारले. पुढच्या वर्षी निबंध प्रसिद्ध झाला तेव्हा त्यावर दोघांची नावे होती; तो पुरा केला स्वोप यांनी.

आता हिशेब. ताऱ्याचे तेज ‘प्रती’त मोजतात; प्रतीचा आकडा जितका मोठा, तितका तारा मंद. कालेयमधले हे तारे सरासरी सुमारे २० व्या प्रतीचे दिसतात, म्हणजे नुसत्या डोळ्यांना जेमतेम दिसणाऱ्या सहाव्या प्रतीच्या ताऱ्याहून चार लाख पट मंद. हाच तारा ३२.६ प्रकाशवर्षांवर, म्हणजे मूळ तेजाच्या तुलनेसाठी ठरवलेल्या अंतरावर, आणून ठेवला, तर तो साधारण ०.६ प्रतीचा दिसेल. फरक १९.४ प्रतींचा, म्हणजे तेजात पावणेसहा कोटी पटींचा. अंतर दुप्पट झाले की तेज चौपटीने उतरते, म्हणून या संख्येचे वर्गमूळ घ्यायचे. ते येते सुमारे ७,६००. त्याला ३२.६ ने गुणले की अडीच लाख प्रकाशवर्षांच्या आसपास उत्तर मिळते. बाडे आणि स्वोप यांचे उत्तर सव्वातीन लाखांच्या जवळचे होते. पट्टीवरच्या खुणा पुढे सुधारल्या गेल्या, पण बटू दीर्घिका ही जात बदलली नाही.

१९८३ साली याच दीर्घिकेतील अवघ्या तीन ताऱ्यांच्या वेगांवरून तेथे कृष्णद्रव्य, म्हणजे स्वतः न दिसणारे पण गुरुत्वाकर्षणाने जाणवणारे द्रव्य, भरपूर असावे, असे सुचवले गेले, आणि ते पुढे पक्के झाले. २००७ साली सापडलेला सेग्यू १ हा काही शे सूर्यांइतक्याच उजेडाचा समुदाय आधी तारकागुच्छ समजला गेला. ताऱ्यांचे वेग मोजल्यावर त्यालाही दीर्घिकांत घेतले गेले.

(दृश्य: चिलीतील लास कॅम्पानास, संध्याकाळ; उघडत असलेला घुमट)

हा घुमट एक मीटर व्यासाच्या स्वोप दुर्बिणीचा आहे. १९६७ साली स्वोप यांनी स्वतःच्या पैशांतून दिलेल्या देणगीमुळे ती उभी राहिली आणि १९७१ पासून चालू आहे. ज्या कालेयसाठी त्यांनी डोळे शिणवले, तो समुदाय येथून क्षितिजावर कसाबसा तीन अंश येतो. शिल्पकारमधला तो पहिला डाग मात्र या घुमटाच्या जवळजवळ माथ्यावरून जातो.