शेवटची किश्त कधी?

(राजेंद्र नगर, इंदूर इथल्या गणेशोत्सवात २०२५ साली झालेलं व्याख्यान, थोडं सावरून)

नमस्कार मंडळी. मागे ऐकू येतंय ना? मुलांनो, तो कूलर जरा कमी करा, त्याच्यापुढे माझा आवाज काही टिकायचा नाही. मला पाऊण तास दिलाय, साडेआठला आरती आहे आणि आरती थांबत नसते, तेव्हा लगेच सुरू करते.

आधी हात वर करा, घरावर कर्ज आहे किंवा घरातल्या कुणाचं चालू आहे असे कितीजण आहात? बघा, निम्म्याच्या वर सभागृह. आता किश्त किती जाते ते माहीत आहे असे? सगळेच. आणि शेवटची किश्त कोणत्या वर्षी, कोणत्या महिन्यात जाणार हे माहीत आहे असे? एक, दोन... त्या खिडकीपाशी बसलेल्या ताई, तीन. सांगा ताई. मार्च २०३१? वा! ताईंसाठी टाळ्या वाजवा, कारण मला आज जे सांगायचंय ते या ताई आधीच करतायत.

एक खुलासा करून टाकते. मी किश्त म्हणतेय, हप्ता नाही. माझी पुण्याची मावसबहीण दर वेळी मला सुधारते, अगं हप्ता म्हण. पण आपल्याकडे जेल रोडपासून सुदामा नगरपर्यंत मराठी माणूस किश्तच भरतो, रजिस्ट्रीच करतो आणि प्लॉटचं डायवर्शन, म्हणजे बिनशेती, झालंय का हेच विचारतो, आपली मराठी दोनशे-अडीचशे वर्षं माळव्याचं पाणी प्यायलीये आणि मला ती तशीच आवडते.

तर मूळ मुद्दा. आपण सगळे घर घेताना एकच प्रश्न विचारतो, किश्त किती बसेल? बिल्डरच्या ऑफिसात हेच, बँकेत हेच, घरी आल्यावर सासरेबुवांचं पण हेच. आणि समोरचा माणूस त्या प्रश्नाचं आपल्याला आवडेल असं उत्तर देतो, किश्त कमी करायची ना, मुदत वाढवू. तीस वर्षं मी कॉलेजात अकाउंट्स शिकवलं, मुलांना घसारा शिकवला, ताळेबंद शिकवला, आणि आता वाटतं की एक तास तरी हे शिकवायला हवं होतं की किश्त म्हणजे कर्जाची किंमत नव्हे. किंमत त्या शेवटच्या तारखेत असते.

हे मला कुठे नीट कळलं सांगते. जरा लांबण लागेल, पण ऐकाच.

माझा भाचा, सख्ख्या भावाचा मुलगा, निपानियाकडे फ्लॅट घेतला त्याने जून २०२१ मध्ये. आयटीत आहे, तेव्हा ३४ वर्षांचा. ४० लाखांचं कर्ज, २० वर्षं, आणि दर? पावणेसात टक्के! आठवतंय ना तो काळ, करोनात रिझर्व्ह बँकेने रेपो, म्हणजे ती बँकांना ज्या दराने पैसे देते तो दर, चार टक्क्यांवर आणला होता आणि जो तो म्हणत होता की इतकं स्वस्त कर्ज पुन्हा मिळणार नाही. किश्त बसली ३०,४१५ रुपये. वास्तुशांतीला आम्ही सगळे गेलो, पुरणपोळी जेवलो, गॅलरीतून पार बायपासपर्यंत दिसत होतं, आणि माझी भाचसून मला म्हणाली, आत्या, २०४१ मध्ये हे आपलं होईल, तेव्हा आमची चिऊ कॉलेजात असेल. तिने ते वर्ष चिऊच्या वयाशी जोडून ठेवलं होतं. हे लक्षात ठेवा.

मग मे २०२२ पासून रेपो वाढायला लागला, फेब्रुवारी २०२३ पर्यंत चाराचा साडेसहा झाला. ऑक्टोबर २०१९ पासून बँकांची नवी फ्लोटिंग, म्हणजे बदलत्या दराची, गृहकर्जं बाहेरच्या दराला जोडलेली असतात, बहुतेक रेपोलाच, त्यामुळे रेपो वाढला की आपला दर वाढलाच. भाच्याचा झाला सव्वानऊ. पण घरात कुणाला काही जाणवलंच नाही! कारण किश्त वाढली जेमतेम तेराशे रुपयांनी. भाचा मला फोनवर म्हणाला सुद्धा, आत्या, लोक उगाच ओरडतात, मला तर तेराशेच वाढले.

गेल्या वर्षी दिवाळीत मी त्यांच्याकडे होते. पाडव्याच्या सकाळी पोहे-जिलबी झाली, चिऊ दारातली रांगोळी पुसून परत काढत बसली होती, आणि मी सवयीने म्हटलं, अरे तुझं कर्जाचं स्टेटमेंट दाखव बघू. मोबाइलवर दाखवलं त्याने. मी चष्मा पुसून परत बघितलं. शेवटची किश्त, २०५१.

मंडळी, २०५१. चिऊ तेव्हा तिशीच्या पुढे असेल आणि माझा भाचा ६४ वर्षांचा.

त्याचा विश्वासच बसेना. बँकेचा एक मेसेज आला होता म्हणे २०२३ मध्ये, मुदतीत बदल केल्याचा, इंग्रजीत, दोन ओळींचा, तो वाचलाच नव्हता. मी बँकेचं नाव घेणार नाही, कारण असं बऱ्याच ठिकाणी झालंय आणि त्या एकाच बँकेला बोल लावून तुमच्या पदरात काही पडणार नाही. पण मला राग आला होता आणि आजही येतो. तुमच्या आयुष्यातली दहा वर्षं कुणी घेतो आणि सांगतो दोन ओळींत?

तिथेच कागद घेतला आणि त्याच्यासमोर मांडलं. पहिल्या दोन वर्षांत त्याने भरले सात लाख तीस हजार, त्यातून मुद्दल कमी झालं फक्त दोन लाख. राहिले ३८ लाख. त्यावर सव्वानऊ टक्क्यांनी एका महिन्याचं व्याजच होतं २९,३०० च्या आसपास. म्हणजे जुनी ३०,४१५ ची किश्त तशीच ठेवली असती तर मुद्दलात महिन्याला अकराशे रुपये गेले असते आणि कर्ज फिटायला पस्तीस वर्षं लागली असती. म्हणून बँकेने काय केलं, किश्त थोडीशी वाढवली, ३१,७०० केली, आणि राहिलेली १८ वर्षांची मुदत २८ वर्षं करून टाकली. आता बेरीज करा. १८ वर्षंच ठेवून किश्त वाढवली असती तर ती झाली असती ३६,२०० आणि एकूण गेले असते ७८ लाख. २८ वर्षं केल्यावर एकूण जाणार एक कोटी साडेसहा लाख. महिन्याचे साडेचार हजार वाचावेत म्हणून २८ लाख जास्त! आणि हे त्याने ठरवलंच नव्हतं, त्याला कुणी विचारलंच नव्हतं.

भाचसून काही बोलली नाही, उठून आत गेली. मला ते अजून आठवतं.

आता तुम्ही म्हणाल असं होऊच कसं शकतं, तर याच तक्रारी इतक्या झाल्या की १८ ऑगस्ट २०२३ ला रिझर्व्ह बँकेने नियम काढला. दर बदलला की बँकेने तुम्हाला पर्याय द्यायला हवा, किश्त वाढवायची, मुदत वाढवायची की थोडं थोडं दोन्ही, शिवाय फिक्स्ड, म्हणजे न बदलणाऱ्या, दरावर जायची सोय द्यायलाही तेव्हा सांगितलं होतं, आणि दर तीन महिन्यांनी स्टेटमेंट, त्यात आतापर्यंत मुद्दल किती गेलं, व्याज किती गेलं, किश्ती किती उरल्या हे सगळं. हे स्टेटमेंट तुमच्याकडे येत असणार, नाहीतर ॲपमध्ये पडलेलं असणार. ते उघडा हो.

मुद्दल इतकं हळू का फिटतं, हे ज्यांना माहीत आहे त्यांनी दोन मिनिटं धीर धरा. आजचं उदाहरण घेऊ, ४० लाख, २० वर्षं, साडेआठ टक्के. किश्त ३४,७१३. पहिल्या महिन्यात त्यातले २८,३३३ व्याजाचे, मुद्दलाचे फक्त ६,३८०. दर महिन्याला मुद्दलाचा भाग थोडा थोडा वाढतो, पण व्याजापेक्षा मुद्दल जास्त जायला बारावं वर्ष उजाडतं. दहा वर्षं झाली, अर्धा रस्ता संपला असं आपल्याला वाटतं, तोवर तुम्ही ४१ लाख ६५ हजार भरलेत आणि अजून बाकी आहेत २८ लाख. एकूण जातात ८३ लाख ३१ हजार. हेच १५ वर्षांत फेडलं तर ७०.९ लाख, ३० वर्षांत एक कोटी दहा लाख ७२ हजार. आणि वीसची तीस वर्षं केल्यावर किश्त कितीने कमी होते? चार हजारांनीसुद्धा नाही.

माझ्या आईला हे गणित येत नव्हतं, ती मराठी चौथी शिकलेली. पण बाबांनी घरासाठी सोसायटीचं कर्ज घेतलं तेव्हा तिने एक वही केली होती, तिला ती कर्जाची वही म्हणायची, आणि दर दिवाळीला लक्ष्मीपूजनात चोपडीच्या जागी ती वही ठेवायची. त्यात एकच आकडा लिहायची, बाकी किती. किती भरले ते लिहायचीच नाही. मी लहान होते, एकदा विचारलं तर म्हणाली, भरलेले गेले, उरलेले माझ्या डोक्यावर आहेत. बाबांना बोनस मिळाला की आधी त्या वहीकडे बघायचं, मग साडीकडे, आणि कर्ज मुदतीच्या तीन वर्षं आधी फिटलं. त्या दिवशी तिने आम्हाला सराफ्यातल्या खाऊगल्लीत नेऊन रबडी खाऊ घातली, घरात तो सण म्हणूनच आठवला जातो.

चिठ्ठी आली, दहाच मिनिटं राहिली. बरं, मग भराभर सांगते, लिहून घ्या.

फ्लोटिंग दराच्या गृहकर्जावर वैयक्तिक कर्जदाराला मुदतीआधी पैसे भरल्याचा दंड लागत नाही, बँकांसाठी हा नियम २०१२ पासून आहे. तेव्हा दर वर्षी एक किश्त जास्तीची भरा, आताच्याच ४० लाखांच्या उदाहरणात कर्ज साधारण साडेतीन वर्षं आधी संपतं आणि आठ लाखांच्या वर वाचतात. भरताना लेखी सांगा, मुदत कमी करा, किश्त नको. आणि सुरुवातीच्या वर्षांत भरा, शेवटी भरून फार फायदा नाही.

२०२५ मध्ये फेब्रुवारी, एप्रिल, जून मिळून रेपो पूर्ण एक टक्का खाली आला. तुमची किश्त कमी करून देतो म्हणाले तर नको म्हणा, तीच चालू ठेवा, मुदत घटू द्या. दर कमी झालाय का तेही बघा. नव्या गिऱ्हाइकाला कमी दर आणि जुन्याला जुनाच असं चालतं, अर्ज द्यावा लागतो, थोडी फी असते. ३० लाख बाकी, १५ वर्षं उरलेली, नवाऐवजी साडेआठ झाले तर एक लाख साठ हजारांच्या आसपास वाचतात, त्यापुढे फी काहीच नाही.

विमा. कर्जाबरोबर विमा घेणं कायद्याने सक्तीचं नाहीये. घ्या जरूर, कमावत्या माणसाचा हवाच, पण साधा टर्म विमा, म्हणजे ठरावीक मुदतीचा नुसता जीवनविमा, वेगळा घ्या. एक लाख वीस हजारांचा एकरकमी प्रीमियम कर्जात मिसळला की साडेआठ टक्क्यांनी २० वर्षांत त्याचे अडीच लाख होतात.

टॅक्स वाचतो म्हणून कर्ज लवकर फेडू नका असं सांगणारे भेटतील. आयकराच्या जुन्या पद्धतीत राहत्या घराच्या व्याजावर वर्षाला दोन लाखांपर्यंतच सूट, नव्या पद्धतीत तीही नाही. या ४० लाखांवर पहिल्या वर्षी व्याज जातं ३ लाख ३७ हजार आणि तीस टक्के टॅक्सवाल्याचे वाचतात ६२ हजार. उरलेलं तुमच्याच खिशातून जातं ना.

काय म्हणालात काका? हो, बरोबर आहे, वीस वर्षांनंतरचे ३४ हजार आजच्या ३४ हजारांइतके जड नसतात, पगार वाढतो, महागाईत रुपया हलका होतो, आणि घरभाडंही वाचतं. मी कर्ज घेऊच नका म्हणत नाहीये, माझं स्वतःचं घर कर्जाचंच होतं, तेही त्या काळचं, जेव्हा महिन्याला भरलेली किश्त मुद्दलातून वर्षाअखेरीच वजा व्हायची. पण हा पगारवाढीचा फायदा तेव्हाच मिळतो जेव्हा वाढलेल्या पगारातून काहीतरी तिकडे जातं. माझ्या भाच्याने किश्त ३७ हजार करून घेतली, तारीख परत २०४१ वर आली, आणि भाचसुनेने ती फ्रिजवर लावून ठेवलीये.

नवीन कर्ज घेणाऱ्यांनी ‘की फॅक्ट स्टेटमेंट’, म्हणजे कर्जाच्या मुख्य अटींचा कागद, मागून घ्या, ऑक्टोबर २०२४ पासून ते द्यावंच लागतं, त्यात फी वगैरे सगळं धरून वर्षाचा खरा दर, एपीआर म्हणतात तो, छापलेला असतो, दोन बँकांची तुलना त्याच्यावर करा. बिल्डिंग बांधून व्हायची असेल तर ताबा मिळेपर्यंत नुसतं व्याज जात राहतं, ते कुणी हिशेबात धरत नाही, तुम्ही धरा.

आणि कर्ज फिटल्यावर मूळ कागदपत्रं ३० दिवसांत परत मिळायला हवीत, डिसेंबर २०२३ पासूनचा नियम आहे, बँकेमुळे उशीर झाला तर दिवसाला ५,००० रुपये तुम्हाला मिळतात.

घंटा घेतली हातात त्यांनी, थांबते. ज्यांच्या मोबाइलमध्ये स्टेटमेंट आहे त्यांनी प्रसाद घेऊन त्या उजवीकडच्या खांबापाशी या, मी वही आणि कॅल्क्युलेटर आणलाय, प्रत्येकाची तारीख काढून देते.