रविवारच्या सुट्टीमागचा विचार

श्रोतेहो, नमस्कार.

समाज बदलतो तो विचारांमुळे की हितसंबंधांमुळे, हा इतिहासाच्या तत्त्वज्ञानातील जुना वाद आहे. हेगेल या जर्मन तत्त्वज्ञाने इतिहासाकडे स्वातंत्र्याच्या वाढत्या जाणिवेचा प्रवास म्हणून पाहिले, तर माणसाचे सामाजिक अस्तित्वच त्याची जाणीव घडवते, असे मार्क्सने १८५९ मध्ये मांडले. जर्मन ग्रंथांच्या आधाराने हा वाद हवा तितका लांबवता येतो. मला मात्र तो आपल्या मुंबईत, गिरणगावात तपासून पाहावासा वाटतो.

१८४९ मध्ये या शहरात परमहंस सभा स्थापन झाली. दादोबा पांडुरंगांसारखी नवे शिक्षण घेतलेली मंडळी तिच्यात होती, आणि जातिभेद मोडला पाहिजे यावर त्यांचे एकमत होते. सभासद होताना परधर्मीयाच्या हातचा पाव खावा लागे. हे सारे अर्थातच बंद दाराआड चाले. पुढे सभासदांची नावे बाहेर फुटली आणि १८६० च्या सुमारास सभा मोडली. या मंडळींना भित्रे म्हणणे सोपे आहे, पण त्यांचे घरदार, सोयरीक, प्रतिष्ठा हे सगळे जातीतच गुंतलेले होते. समतेचा विचार चारचौघांत बोलून त्यांच्या हाती काही लागणार नव्हते आणि गमवावे मात्र पुष्कळ लागणार होते.

१८७३ मध्ये जोतीराव फुल्यांनी पुण्यात सत्यशोधक समाज स्थापन केला, तेव्हा समतेचा विचार ज्यांना त्याची गरज होती त्यांच्या हाती आला. नारायण मेघाजी लोखंडे त्यांच्यापैकीच एक. गिरणीतली नोकरी सोडून ते १८८० पासून मुंबईत ‘दीनबंधु’ पत्र चालवू लागले. १८८४ मध्ये त्यांनी परळला कामगारांच्या सभा घेतल्या आणि सुमारे साडेपाच हजार सह्यांचे निवेदन तयार झाले. दर रविवारी पूर्ण सुट्टी, दुपारी अर्ध्या तासाची विश्रांती, पगार पुढच्या महिन्याच्या पंधरा तारखेच्या आत, आणि कामावर जखमी झालेल्याला भरपाई, अशा मागण्या त्यात होत्या. रविवार हा खंडोबाचा वार आहे, असाही युक्तिवाद लोखंड्यांनी केल्याचे सांगितले जाते. तो त्यांनी खरोखरच केला असेल, तर एका सत्यशोधकाची ही चतुराई मला फार आवडते.

आता हितसंबंधांची बाजू पाहू, कारण ती लपवून हा इतिहास सांगणे प्रामाणिकपणाचे होणार नाही. हिंदुस्थानातील गिरण्यांवर कायद्याचे बंधन यावे म्हणून सर्वांत मोठा आग्रह इंग्लंडमधल्या लँकेशायरच्या गिरणीमालकांचा होता, आणि त्यामागे मुंबईच्या स्वस्त कापडाची धास्ती होती. त्यामुळे परकीय सत्तेचा हा कावा ओळखून आपल्याकडच्या अनेक राष्ट्रवादी पत्रांनी फॅक्टरी कायद्याला विरोध केला. त्यांचे निदान बरोबर होते. पण त्यांच्या विचारात कामगाराला जागाच नव्हती.

मग लँकेशायरच्या स्वार्थानेच हे काम केले, असे म्हणायचे का? १८८१ चा पहिला कायदा पाहिला तर तसे म्हणता येत नाही. त्याने बारा वर्षांखालील मुलांचे काम नऊ तासांवर आणले आणि त्यांना महिन्याला चार सुट्ट्या दिल्या. प्रौढ कामगारांच्या वाट्याला त्यातले काहीच आले नाही. सज्ञान मजुराचा संपूर्ण दिवस मालकाने विकत घेतलेला असतो, हे गृहीतक जसेच्या तसे राहिले. माणूस कोणाच्या ताब्यातली वस्तू नाही, ही सत्यशोधकी धारणा त्या गृहीतकाला भिडली, आणि तिच्या मागे हजारो कामगारांची रोजची दमणूक उभी होती. १८९० च्या सभेत तर गिरणीतल्या स्त्रियाही बोलायला उभ्या राहिल्या. १० जून १८९० रोजी गिरणीमालकांनी साप्ताहिक सुट्टी मान्य केली आणि पुढच्या वर्षीच्या कायद्यात ती आली.

माक्स वेबर या समाजशास्त्रज्ञाचे म्हणणे असे की माणसाला पुढे ढकलतात ते हितसंबंधच. पण गाडी कोणत्या रुळावरून जाईल हे पुष्कळदा विचार ठरवतात, रेल्वेच्या सांध्यावरच्या सांधेवाल्यासारखे. गिरणगावाच्या बाबतीत हे मला बरेचसे पटते. माझा आक्षेप एवढाच की या मांडणीत सांधेवाला गाडीच्या बाहेर उभा असतो. लोखंडे आणि त्यांचे सोबती गाडीतच होते, आणि म्हणूनच परमहंस सभेला जे जमले नाही ते त्यांना जमले.

या विचाराची मर्यादाही लवकरच दिसली. सुट्टीचा वार मिळाला, तरी प्रौढ पुरुषांच्या कामाच्या तासांना कायद्याची मर्यादा नव्हती; सूर्यप्रकाश हीच काय ती मर्यादा होती. विसाव्या शतकाच्या आरंभी गिरण्यांत विजेचे दिवे आले आणि तीही उरली नाही. रविवार सुटीचाच राहिला, पण बाकीचे दिवस रात्रीत शिरले. कापडगिरण्यांतील प्रौढ पुरुषांच्या दिवसाला बारा तासांची पहिली कायदेशीर मर्यादा १९११ मध्ये पडली, तेव्हा लोखंड्यांना जाऊन चौदा वर्षे झाली होती.