प्लँटॅजेनेट घराणं नेमकं कधी संपलं?

मंडळी, प्लँटॅजेनेट घराण्याने इंग्लंडवर 1154 ते 1485 अशी 331 वर्षं राज्य केलं, आणि शेवट कुठे विचारलं की सगळे बॉसवर्थची लढाई सांगतात. माझं मत जरा वेगळंय. हे घराणं 1399 मध्येच मोडलं, पुढची 86 वर्षं ते सगळे मिळून तेच निस्तरत बसले होते.

पण आधी ते वर कसं आलं ते बघू. 1120 च्या नोव्हेंबरात नॉर्मंडीच्या बार्फ्लर बंदरातून 'व्हाइट शिप' नावाचं जहाज रात्रीचं निघालं, खलाशांपासून सरदारांच्या पोरांपर्यंत सगळे भरपूर प्यायलेले, बंदरातून बाहेर पडतायत तोच खडकावर आपटलं. वाचला कोण, तर रुआँचा एक खाटीक. आणि बुडालेल्यांत होता इंग्लंडचा राजा पहिला हेन्री याचा एकुलता एक औरस मुलगा. उरली मुलगी मटिल्डा. तिलाच वारस मानू अशा शपथा सरदारांनी घेतल्या खऱ्या, पण 1135 ला बाप गेल्याबरोबर तिचा आतेभाऊ स्टीफन धावत आला आणि स्वतःलाच राज्याभिषेक करून घेऊन मोकळा झाला. मग काय, कित्येक वर्षं यादवी. शेवटी तोड निघाली ती अशी की स्टीफन मरेपर्यंत राजा, त्याच्यानंतर मटिल्डाचा मुलगा.

तो मुलगा म्हणजे दुसरा हेन्री. 1154 ला गादीवर आला तेव्हा वय 21. बापाकडून फ्रान्समधलं आंजू, आईकडून नॉर्मंडी आणि इंग्लंड, आणि बायको एलिनॉरमुळे ॲक्विटेन, म्हणजे स्कॉटलंडच्या सीमेपासून पार पिरेनीज पर्वतापर्यंत. ही एलिनॉर हेन्रीशी लग्न व्हायच्या दोन महिने आधीपर्यंत फ्रान्सच्या राजाची बायको होती, त्यामुळे त्या राजाला काय वाटलं असेल ते तुम्हीच ठरवा.

लोक हेन्री म्हटलं की कँटरबरीचा आर्चबिशप बेकेट याचा खून आठवतात, तो झालाच 1170 मध्ये, पण मला त्याची कोर्टं जास्त महत्त्वाची वाटतात. यादवीत कुणीही कुणाचीही जमीन बळकावलेली, प्रत्येकाची तक्रार. हेन्रीने सिस्टिम अशी बसवली की राजाच्या कचेरीतून ठराविक नमुन्याचं आज्ञापत्र पैसे भरून घ्यायचं, मग शेरीफ, म्हणजे राजाचा तिथला अधिकारी, त्या भागातली बारा माणसं जमवणार, ती फिरत्या न्यायाधीशापुढे शपथेवर सांगणार की जमिनीवरून ह्याला बेकायदा हुसकावलं की नाही. राजाला फी मिळते, सामान्य जमीनदाराला स्थानिक बड्या सरदाराच्या डोक्यावरून थेट राजाकडे जाता येतं. बापाची जमीन मुलाला मिळणार याची हमी, हा ह्या घराण्याचा खरा पाया. आता घरात काय चाललं होतं म्हणाल तर 1173 मध्ये तीन मुलांनी बंड केलं, आईची फूस, आणि बाईला पुढची पंधराएक वर्षं नजरकैदेत काढावी लागली.

हेन्रीनंतर राजा झालेला मुलगा रिचर्ड शूर होता पण इंग्लंडात फारसा राहिलाच नाही, त्याला सोडून त्याचा भाऊ आणि पुढचा राजा जॉन याच्याकडे येऊ. जॉनने 1204 ला नॉर्मंडी घालवली आणि ती परत मिळवायला सरदारांना पिळलं, त्यात वारसाला बापाची जहागीर हवी असेल तर मनमानी रक्कम भरायला लावायचा. सरदारांनी जॉनकडून घेतलेल्या 1215 च्या मॅग्ना कार्टा या सनदेचं दुसरंच कलम त्यावर आहे बघा, अर्लच्या, म्हणजे बड्या सरदाराच्या, वारसाने 100 पौंड भरायचे, बस, त्याहून जास्त नाही. म्हणजे परत वारसाहक्कच.

मधली शंभरेक वर्षं मी उडवतो. 1327 ला दुसऱ्या एडवर्डला गादीवरून उतरवलं, हे मोठंच होतं, पण जागा त्याच्या स्वतःच्या मुलालाच दिली, त्यामुळे लाइन शाबूत राहिली. हा मुलगा तिसरा एडवर्ड, पन्नास वर्षं राज्य केलं, फ्रेंचांविरुद्ध क्रेसीची लढाई जिंकली, आणि पाच मुलं मोठी झाली. थोरला बापाच्या आधी एक वर्ष गेला, म्हणून 1377 ला राजा झाला दहा वर्षांचा नातू, दुसरा रिचर्ड.

आता ऐका. रिचर्डने 1398 मध्ये आपला चुलतभाऊ हेन्री बोलिंगब्रोक याला दहा वर्षं हद्दपार केलं, आणि लेखी दिलं की मधल्या काळात वडील वारले तर तुझा वारसा तुला मिळेल. पुढच्याच फेब्रुवारीत वडील, लँकेस्टरचे ड्यूक जॉन ऑफ गाँट, वारले, देशातली राजाच्या खालोखालची इस्टेट, आणि रिचर्डने लेखी दिलेलं रद्द करून ती दाबली आणि हद्दपारी जन्मभराची केली. वर स्वतः सैन्य घेऊन आयर्लंडला निघून गेला! म्हणजे ज्याच्या पूर्वजांनी वारसाहक्क राखून गादी पक्की केली तोच चुलतभावाचा वारसा गिळतोय, मग प्रत्येक सरदाराच्या मनात आलं की आज ह्याचं, उद्या माझं. बोलिंगब्रोक जुलैत मोजकी माणसं घेऊन उतरला आणि लोक येऊन मिळत गेले. सप्टेंबरअखेर रिचर्ड पदच्युत, काही महिन्यांत पाँटफ्रॅक्टच्या किल्ल्यात मेला, बहुधा उपासमारीने.

पण वारसाच बघायचा तर गादी चौथा हेन्री झालेल्या बोलिंगब्रोकचीही नव्हती. तिसऱ्या एडवर्डच्या दुसऱ्या मुलाच्या मुलीचा वंशज एडमंड मॉर्टिमर होता ना, सात वर्षांचा पोर. बोलिंगब्रोक तिसऱ्या मुलाचा, गाँटचा. स्वतःची जहागीर हक्काने परत मागणाऱ्याने गादी मात्र हक्क बाजूला सारून घेतली.

त्याचा मुलगा पाचवा हेन्री याने फ्रान्समध्ये आझँकुरची लढाई जिंकली तेव्हा हे कुणी काढत नव्हतं. पण तो 35 व्या वर्षी गेला, मुलगा नऊ महिन्यांचा, आणि हाच सहावा हेन्री 1453 मध्ये, फ्रान्समधलं कॅले सोडून सगळं गेलं त्याच वर्षी, असा सुन्न झाला की दीड वर्षाच्या आसपास कुणाला ओळखेना, मुलगा झालेला कळेना. तेव्हा यॉर्कचा रिचर्ड पुढे आला, आई मॉर्टिमर घराण्यातली, म्हणजे त्या दुसऱ्या मुलाच्या वंशातली. प्लँटॅजेनेट हे पणज्या-खापरपणज्यांचं टोपणनाव आडनाव म्हणून लावायला लागला तो हाच, खरी लाइन माझी आहे हे दाखवायला. 1460 ला तडजोड झाली, सहावा हेन्री मरेपर्यंत राजा, मग यॉर्क. डिट्टो स्टीफनसारखीच, फक्त यावेळी राजाचा मुलगा जिवंत होता आणि त्याची आई मार्गारेट गप्प बसणारी नव्हती. दोन-तीन महिन्यांत वेकफिल्डला यॉर्क मारला गेला, त्याच्या मुंडक्यावर कागदी मुकुट चढवला असं सांगतात.

त्याचा मुलगा चौथा एडवर्ड टाउटनला भर बर्फात जिंकला, 1470 ला गादी गेली, 1471 ला परत आली, मग 1483 ला तो वारल्यावर भाऊ तिसरा रिचर्ड याने पुतण्यांना अनौरस ठरवून टाकलं. पोरं लंडनच्या टॉवर किल्ल्यात दिसेनाशी झाली. वारस असणं एव्हाना जिवावरचं दुखणं झालं होतं.

बॉसवर्थला 22 ऑगस्ट 1485 ला तिसरा रिचर्ड मारला गेला, आणि जो जिंकला त्या हेन्री ट्यूडरचा क्लेम तर आईकडून, गाँटच्या लग्नाआधी झालेल्या मुलापासून, तोही लंगडाच. आणि म्हणूनच त्याने रिचर्डचा दहा वर्षांचा पुतण्या, वॉरिकचा एडवर्ड, टॉवरमध्ये टाकला. चौदा वर्षं आत ठेवून 1499 ला मुंडकं उडवलं, पुरुषांच्या लाइनमधला शेवटचा औरस प्लँटॅजेनेट तो. त्याची बहीण मार्गारेट पोल 1541 पर्यंत राहिली, तेव्हा आठव्या हेन्रीने त्या सत्तरीला टेकलेल्या म्हातारीलाही मारलं.