लवदार वॅटल

ऑगस्ट महिन्यात, ऑस्ट्रेलियातला हिवाळा सरता सरता, सिडनी शहराच्या पश्चिमेकडील काही मोजक्या जागी एक झुडूप पिवळ्याधमक फुलांनी भरून जाते. या जागा म्हणजे रेल्वेच्या रुळांलगतची पट्टी, जुन्या दफनभूमीची कडा, किंवा दोन वसाहतींच्या मध्ये उरलेला रानाचा तुकडा. ऑस्ट्रेलियात अकेशिया या बाभळीसारख्या झाडाझुडपांना वॅटल म्हणतात आणि त्यांच्या सुमारे हजार जाती तिथे आहेत. परंतु अकेशिया प्युबेसेन्स ही जात निसर्गतः केवळ सिडनी आणि तिच्या आसपासच्या प्रदेशातच वाढते. 'प्युबेसेन्स' या लॅटिन शब्दाचा अर्थ लव असलेली, म्हणून आपण तिला लवदार वॅटल म्हणू.

तिची एक फांदी जवळून पाहू. कोवळ्या डहाळीवर पांढऱ्या केसांची लव ताठ उभी आहे, आणि ऊन मागून आले की साऱ्या डहाळीला एक उजळ कड दिसते. पान बाभळीच्या पानासारखेच आहे: मधला दांडा, त्याच्या दोन्ही बाजूंना उपदांड्या आणि त्यांच्यावर काही मिलिमीटर लांबीच्या पर्णिका. काटे मात्र नाहीत. फुलांचे गोंडेही बाभळीच्या गोंड्यांची आठवण करून देतात, आणि दोन्हीकडे पिवळा रंग पाकळ्यांचा नसून असंख्य पुंकेसरांचा असतो.

हे साम्य वरवरचे नाही. आपली बाभूळ दीर्घकाळ अकेशिया याच प्रजातीत, म्हणजे अनेक जातींच्या एकाच गटात, गणली जात होती. पुढे या मोठ्या प्रजातीचे विभाजन झाले, तेव्हा अकेशिया हे नाव ऑस्ट्रेलियातील जातींकडे राहावे असा निर्णय 2005 साली व्हिएन्ना येथील वनस्पतिशास्त्र परिषदेत झाला आणि 2011 साली मेलबर्नमध्ये तो कायम राहिला. बाभूळ व्हॅचेलिया या प्रजातीत गेली. कोकणात रस्त्याच्या कडेने लावलेली ऑस्ट्रेलियन बाभूळ मात्र खरोखरच अकेशिया आहे. तिचे लांबट, जाड पान म्हणजे वास्तविक चपटा झालेला देठ असतो. लवदार वॅटलने आपली पिसासारखी पाने आयुष्यभर राखली आहेत.

या झुडपाचे पहिले शास्त्रीय वर्णन ऑस्ट्रेलियात नव्हे, तर फ्रान्समध्ये लिहिले गेले. नेपोलियनची पत्नी जोसेफिन हिच्या मालमेझाँ येथील बागेत वाढवलेल्या वनस्पतींवरील ग्रंथात व्हाँतना या शास्त्रज्ञाने 1803 साली तिची नोंद केली. युरोपच्या काचघरांत तिचे कौतुक होऊ लागले त्याच काळात तिच्या मूळ भूमीवर कुऱ्हाड आणि नांगर चालू झाले होते.

ती भूमी म्हणजे कम्बरलँडचे मैदान. दारुग या आदिवासी समाजाचा हा प्रदेश. किनाऱ्यापेक्षा येथे पाऊस कमी पडतो, आणि शेल खडकापासून बनलेली चिकणमाती पावसात चिकट होते, उन्हाळ्यात दगडासारखी कडक होते. जिथे शेलची माती वालुकाश्माला मिळते, किंवा मातीत लोहयुक्त खडी मिसळलेली असते, तिथे लवदार वॅटल विशेषकरून सापडते. डोक्यावर ग्रे बॉक्स आणि खोल भेगांच्या काळ्या सालीचे आयर्नबार्क हे निलगिरीचे वृक्ष विरळ उभे असतात, त्यामुळे ऊन जमिनीपर्यंत पोहोचते. पायाशी कांगारू ग्रास वाढते. हेच गवत भारतातही आढळते. या रानाचा दहावा हिस्सादेखील आज उरलेला नाही. आधी शेती आणि कुरणे झाली, नंतर कारखाने आणि घरे. सिडनीत स्थायिक झालेली अनेक मराठी कुटुंबे ज्या पश्चिम उपनगरांत राहतात, त्यांतील बरीचशी याच मैदानावर वसलेली आहेत.

बँक्सटाउन, फेअरफिल्ड, पिट टाउन आणि रुकवुडची विस्तीर्ण दफनभूमी येथे हे झुडूप तग धरून आहे. तिथे एखाद्या ठिकाणी शंभर खोडे दिसली तर शंभर झुडपे आहेत असे समजणे चुकीचे ठरते. लवदार वॅटलला शेंगा फार कमी धरतात, आणि तिचा विस्तार मुख्यतः मुळांतून होतो. जमिनीखाली आडवे गेलेले मूळ थोड्या अंतरावर नवा धुमारा वर पाठवते, त्याच्या पलीकडे आणखी एक. वरची माती हलकेच बाजूला केली तर दोन वेगळी वाटणारी रोपे एकाच मुळावर उभी असल्याचे दिसू शकते. म्हणूनच तिची गणती अवघड आहे, आणि म्हणूनच एखादा लहानसा तुकडा नष्ट होतो तेव्हा किती रोपे गेली यापेक्षा कोणते रोप कायमचे गेले हा प्रश्न मला अधिक अस्वस्थ करतो.

वणव्यानंतर ती मुळापासून पुन्हा फुटते. कठीण कवचाचे बी मातीत वर्षानुवर्षे पडून राहू शकते आणि आगीच्या उष्णतेने जागे होते. परंतु आग वारंवार लागली तर धुमाऱ्यांना बळ धरण्यास वेळ मिळत नाही, आणि फारच क्वचित लागली तर बियांना जाग येत नाही.

राज्याच्या आणि देशाच्या अशा दोन्ही कायद्यांनी ही जात असुरक्षित म्हणून नोंदलेली आहे, आणि 2003 साली न्यू साउथ वेल्स राज्याने तिच्या पुनरुज्जीवनाचा स्वतंत्र आराखडा तयार केला. तरीही रोजचा धोका अगदी साधा असतो: टाकलेला राडारोडा, माजलेले तण, गवत कापणारे यंत्र. रोपवाटिकेत रोपे वाढवून दुसरीकडे लावता येतात, पण त्याने मूळ जागेची भरपाई होते असे मला वाटत नाही. खडीची ती माती आणि तिच्यातले जुने बी यांची लागवड करता येत नाही. कुंपण घालतानाही ते शेवटच्या खोडाला चिकटून घातले, तर पुढच्या पावसानंतर येणारा धुमारा कुंपणाबाहेर, यंत्राच्या वाटेत उगवतो. तो बोटभर उंच असतो, आणि त्याच्यावरही ती पांढरी लव असते.