रोजगार हमीचा पैसा कुठून आला?

(दृश्य: जुना कृष्णधवल फोटो. रांगेत बसून खडी फोडणाऱ्या बाया.)

१९७२चा दुष्काळ. ज्यांनी तो काढला त्यांना दुष्काळी कामावर मिळणारी सुकडी आठवते, लाल मिलो ज्वारी आठवते आणि खडी आठवते. मे १९७३मध्ये महाराष्ट्रात सुमारे ५० लाख माणसं दुष्काळी कामांवर होती. पाझर तलाव, नालाबांध, रस्ते.

पाऊस झाला की अशी कामं बंद व्हायची. विधान परिषदेचे सभापती वि. स. पागे यांना हे मान्य नव्हतं. दुष्काळ जाहीर होवो न होवो, मागेल त्याला काम मिळालं पाहिजे, असा त्यांचा आग्रह. तासगाव तालुक्यातल्या विसापूरला १९६५मध्ये हे लहान प्रमाणात करूनही पाहिलं होतं. १९७७मध्ये या रोजगार हमी योजनेचा कायदा झाला, २६ जानेवारी १९७९पासून तो लागू झाला. मागणी केल्यापासून १५ दिवसांत काम, नाहीतर बेकारी भत्ता.

इथवरची गोष्ट पुष्कळांना ठाऊक असते. पैशाचं फारसं कुणी विचारत नाही.

(दृश्य: पगाराची स्लिप. कपातीच्या रकान्यावर कॅमेरा.)

ही 'पी. टी.'ची ओळ. व्यवसाय कर. महिन्याला २०० रुपये, पण फेब्रुवारीत ३००. हे वरचे शंभर कसले, असं ऑफिसात दरवर्षी कुणीतरी विचारतंच! अकरा महिन्यांचे २,२०० आणि हे ३००, झाले २,५००. राज्यघटनेनं या करावर वर्षाला तेवढीच मर्यादा घातली आहे.

हा कर १९७५मध्ये बसवला तो रोजगार हमीसाठी. शिवाय वाहनांवर, विक्रीवर, बागायती जमिनीवर जादा कर. यातून जेवढे जमतील, तेवढेच सरकारनं आपल्या तिजोरीतून घालायचे. मुंबईतल्या पगारातून दुष्काळी माणदेशातली मजुरी, असा हा सरळ व्यवहार. योजना जाहीर करायला काय लागतं? पुढच्या अर्थसंकल्पात पहिली कात्री गरिबाच्याच योजनेला लागते. इथे ती लावणं अवघड करून ठेवलं होतं. आमच्या मते पागेंच्या कल्पनेइतकीच ही तजवीजही मोलाची.

सगळं आलबेल होतं असं नाही. मस्टरवर, म्हणजे हजेरीपटावर, खोटी नावं चढली, मजुरी थकली. बऱ्या पावसाच्या वर्षांत कर जमायचा आणि खर्च मात्र कमी व्हायचा. १९९०पासून फळबाग लागवड या योजनेला जोडली. स्वतःच्याच रानात खड्डे घ्यायचे, आंब्याची, डाळिंबाची कलमं जगवायची आणि त्याची मजुरी घ्यायची.

२००५मध्ये केंद्राचा रोजगार हमी कायदा आला. कुटुंबामागे वर्षाला १०० दिवसांपर्यंतची मजुरी दिल्लीनं उचलली. त्यापुढे कुणी काम मागितलं, तर मजुरी राज्यानं द्यायची, असं ठरलं. आणि राज्याच्या हातातल्या त्या व्यवसाय करावरची २,५००ची मर्यादा आहे १९८८मधली.