हप्ता परवडतो, मुदत परवडते का?

नमस्कार मंडळी. घरकर्जाचं मंजुरीपत्र हातात आलं की आपण एकच आकडा शोधतो: हप्ता किती? पगारातून तो वजा करतो, किराणा, शाळेची फी, गावाकडे पाठवायचे पैसे धरतो, आणि ‘भागेल’ म्हणून सही करतो. हिशेब चुकीचा नाही, पण तो एका महिन्याचा आहे आणि कर्ज वीस वर्षांचं आहे. आज आपण त्या वीस वर्षांचा हिशेब मांडू.

आकडे सगळीकडे एकच ठेवू म्हणजे डोकं शाबूत राहील. कर्ज ५० लाख, दर ८.५ टक्के, मुदत २० वर्षं. हप्ता येतो ४३,३९१ रुपये. दर कधीच बदलला नाही असं धरलं तर २४० हप्त्यांचे होतात १ कोटी ४ लाख, म्हणजे व्याज ५४ लाखांच्या वर. हा आकडा ऐकून लोक दचकतात. मी मात्र सांगेन की या आकड्याला घाबरू नका. वीस वर्षांनंतरचे ४३ हजार म्हणजे आजचे ४३ हजार नव्हेत. महागाई सरासरी ६ टक्के धरली तर तो शेवटचा हप्ता आजच्या साडेतेरा हजारांइतका भरेल. भीती बाळगायची तर वेगळ्या गोष्टीची: मुद्दल फिटतंय किती सावकाश, आणि ती गती कोणाच्या हातात आहे.

पहिला हप्ता उघडून बघू. ५० लाखांवर एका महिन्याचं व्याज ३५,४१७. उरले ७,९७४, तेवढंच मुद्दलात. पुढच्या महिन्यात व्याज पन्नास-साठ रुपयांनी कमी, मुद्दल तेवढंच जास्त. असं मुंगीच्या पावलांनी चालतं. पाच वर्षांनी तुम्ही भरलेले असतात २६ लाख, आणि कर्ज शिल्लक असतं ४४ लाख. साठ हप्त्यांत मुद्दल फिटलं फक्त सहा लाख. दहा वर्षांनी, अर्धी मुदत संपल्यावर, शिल्लक ३५ लाख. यात बँकेची लबाडी नाही. शिल्लक रकमेवर व्याज लावलं की असंच होतं. पण म्हणूनच सहाव्या-सातव्या वर्षी घर विकणाऱ्याला ‘इतके भरले, तरी इतकं बाकी कसं?’ असा धक्का बसतो.

मुदतीचा परिणाम आता बघा. तेच कर्ज ३० वर्षांना घेतलं तर हप्ता ३८,४४६, जवळपास पाच हजारांनी हलका. व्याज मात्र ८८ लाख, म्हणजे ३४ लाख जास्त. उलट १५ वर्षांना हप्ता ४९,२३७ आणि व्याज ३८ लाख ६३ हजार. विक्री करणारा माणूस तुम्हाला नेहमी हप्ता कमी करून दाखवणार, कारण हप्ता कमी झाला की कर्जाची पात्रता वाढते आणि फ्लॅट मोठा घेता येतो.

एक सावधगिरीचा शब्द. हे सगळं घटत्या शिल्लकेवरच्या व्याजाचं गणित आहे. कुठे कोणी ‘८ टक्के फ्लॅट’, म्हणजे शेवटपर्यंत मूळ रकमेवरच व्याज, म्हणालं तर थांबा. १० लाख, १० वर्षं, ८ टक्के फ्लॅट म्हणजे ८ लाख व्याज, महिना १५ हजार. आपल्या नेहमीच्या पद्धतीने हा दर सुमारे १३ टक्के पडतो.

आता मुख्य मुद्द्याकडे येतो. वर मी ‘दर कधीच बदलला नाही’ असं म्हटलं. आपल्याकडची बहुतेक घरकर्जं फ्लोटिंग, म्हणजे बदलत्या दराची, आहेत. १ ऑक्टोबर २०१९ पासून बँकांची नवी फ्लोटिंग घरकर्जं बाहेरच्या मापदंडाला, बहुतेक ठिकाणी रिझर्व्ह बँकेच्या रेपो दराला (ज्या दराने ती बँकांना पैसे देते), जोडलेली असतात. रेपो अधिक बँकेचा स्प्रेड, म्हणजे तिने वर लावलेली टक्केवारी, की झाला तुमचा दर. रेपो हलला की तीन महिन्यांच्या आत तुमचा दर हलतो. हाउसिंग फायनान्स कंपन्यांना हा नियम नाही; त्या स्वतःच्या मूळ दराला कर्ज जोडतात, आणि दर उतरताना तिथे बऱ्याचदा पाय जड होतात.

मे २०२० ते मे २०२२ रेपो ४ टक्के होता. फेब्रुवारी २०२३ पर्यंत तो ६.५ झाला. नऊ-दहा महिन्यांत अडीच टक्के. २०२१ मध्ये ७ टक्क्यांनी ५० लाख घेतलेल्या माणसाचं उदाहरण घ्या. त्याचा हप्ता ३८,७६५. दोन वर्षांनी शिल्लक ४७ लाख ५३ हजार. वाढ टप्प्याटप्प्याने झाली, पण हिशेबाला सोपं म्हणून एकदम ९.५ टक्के धरू. आता महिन्याचं नुसतं व्याजच ३७,६३२. त्याच हप्त्यातून मुद्दलात जातात ११३३ रुपये. हप्ता तसाच ठेवला तर कर्ज फिटायला आणखी ४४८ महिने लागतील. सदतीस वर्षं! उरली होती अठरा. आणि या माणसाच्या खात्यातून दर महिन्याला तेवढीच रक्कम जाते आहे, म्हणून त्याला काही कळतही नाही.

हेच त्या काळात घरोघरी झालं. दर वाढला की बँकेची ठरलेली रीत म्हणजे हप्ता तोच, मुदत लांबवायची. निवृत्तीच्या वयाची मर्यादा आडवी आली की मगच हप्त्याला हात. अठरा वर्षांतच फेडायचं तर हप्ता ४६,०१० करायला हवा होता. सव्वासात हजारांची वाढ झोंबते, खरं आहे, पण ती दिसते तरी.

यावर १८ ऑगस्ट २०२३ ला रिझर्व्ह बँकेने परिपत्रक काढलं. दर बदलताना हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची, की दोन्ही थोडं थोडं, हा पर्याय कर्जदाराला विचारला पाहिजे. बँकेच्या धोरणाप्रमाणे फिक्स्ड, म्हणजे न बदलणाऱ्या, दरावर जाण्याची सोयही तेव्हा सक्तीची केली होती; ऑक्टोबर २०२५ पासून ती द्यायची की नाही हे बँकेवर आहे. मुदत इतकी ताणायची नाही की हप्ता व्याजालाही पुरणार नाही. आणि दर तिमाहीला विवरण द्यायचं: आजवर मुद्दल किती वसूल, व्याज किती, हप्ता किती, उरलेले हप्ते किती, वार्षिक दर किती.

या विवरणातली ‘उरलेले हप्ते’ ही ओळ सगळ्यांत महत्त्वाची. कर्ज घेऊन तीन वर्षं झाली असतील आणि तिथे २०४ ऐवजी २३१ दिसत असेल, तर शाखेत जाऊन लेखी अर्ज द्या: ‘मूळ मुदत कायम ठेवून हप्ता सुधारावा.’ फोनवर सांगून सोडू नका. अर्जाच्या प्रतीवर पोच घ्या. दर उतरतो तेव्हा याच्या उलट वागा. २०२५ च्या फेब्रुवारी ते जूनमध्ये रेपो तीन टप्प्यांत एक टक्का खाली आला. अशा वेळी हप्ता कमी करून मागण्याचा मोह होतो. तोच हप्ता चालू ठेवा, मुदत आपोआप आक्रसते.

स्प्रेडबद्दल दोन वाक्यं. नव्या गिऱ्हाइकाला बँक कमी स्प्रेड देते, जुना आपल्या जुन्या स्प्रेडवर पडून राहतो. आपल्याच बँकेच्या संकेतस्थळावर नव्या कर्जाचा दर बघा. अर्ध्या टक्क्याचा फरक असला तर दर बदलून मागा. थोडं शुल्क लागतं, पण ४४ लाख शिल्लक असताना अर्धा टक्का म्हणजे पहिल्या वर्षीच बावीस हजार.

बँक देत नसेल तर कर्ज दुसरीकडे नेता येतं. मात्र इथे एक सापळा आहे. दहा वर्षं झाली, ३५ लाख शिल्लक, नवी बँक ८ टक्क्यांनी देते. उरलेली दहाच वर्षं ठेवली तर हप्ता सुमारे ४२,४६० होतो. महिन्याला नऊशे-हजार वाचतात, दहा वर्षांत एक लाख दहा हजारांच्या आसपास. त्यातून प्रक्रिया शुल्क, वकिलाचा शोध अहवाल, मूल्यांकन, गहाणाची नवी स्टॅम्प ड्युटी, नोटीस ऑफ इंटिमेशन (गहाणाची सूचना नोंदणी कार्यालयाला देणं) हे सगळं वजा करायचं. म्हणजे फायदा आहे, पण बेताचा. पण समोरचा माणूस काय दाखवतो? ‘साहेब, हप्ता २९ हजारांवर आणून देतो.’ चौदा हजार वाचले म्हणून आपण खूश. त्याने मुदत पुन्हा वीस वर्षं केली, हे कागदाच्या पोटात असतं. दर कमी होऊनही जुन्या कर्जापेक्षा १८ लाख जास्त भरावे लागतात.

आता जे खर्च हप्त्यात दिसत नाहीत ते. पुण्यात साडेबासष्ट लाखांचा, बांधकाम चालू असलेला फ्लॅट धरा. ३० ते ७५ लाखांच्या कर्जात बँक किमतीच्या ८० टक्क्यांपर्यंत देऊ शकते, म्हणजे आपले ५० लाख. साडेबारा लाख स्वतःचे. पण त्या किमतीत स्टॅम्प ड्युटी आणि नोंदणी धरत नाहीत. पुणे शहरात स्टॅम्प ड्युटी सध्या ७ टक्के, ४ लाख ३७ हजार. घर फक्त बाईच्या नावावर असेल तर एक टक्का कमी. नोंदणी ३० हजार. बांधकाम सुरू असल्याने जीएसटी ५ टक्के, ३ लाख १२ हजार. साडेसात लाखांच्या वर रोकड हवी, साडेबारा सोडून. ती नसली की लोक पर्सनल लोन काढतात, आणि घराचा सगळ्यांत महाग पैसा तो ठरतो.

बांधकाम सुरू असताना बिल्डरला टप्प्याटप्प्याने रक्कम जाते आणि तुम्ही तेवढ्यावरचं नुसतं व्याज भरता. यालाच प्री-ईएमआय म्हणतात. तीन वर्षं सरासरी २५ लाख उचललेले राहिले तर सुमारे ६ लाख ३८ हजार गेले आणि मुद्दल एक रुपयाने हललं नाही. वर राहत्या घराचं भाडं. ताबा लांबला की दोन्ही लांबतं. उशिराबद्दल रेरा, म्हणजे घरखरेदीदारांच्या संरक्षणाच्या, कायद्याच्या कलम १८ खाली बिल्डरकडून व्याज मागता येतं. महाराष्ट्रात ते स्टेट बँकेच्या सर्वोच्च एमसीएलआरपेक्षा (बँकेचा स्वतःचा कर्जाचा आधारदर) २ टक्के जास्त दराने. पण महारेराचा, म्हणजे राज्याच्या रेरा प्राधिकरणाचा, आदेश हातात पडणं आणि पैसे खात्यात पडणं यात अंतर असतं.

विमा. ‘कर्जासोबत घ्यावाच लागतो’ असं सांगून दीड लाखाचा एकरकमी हप्ता कर्जात मिसळतात. दीड लाखाचे वीस वर्षांत ३ लाख १२ हजार होतात. कमावत्या माणसामागे कर्ज राहू नये म्हणून विमा हवाच, त्याबद्दल वाद नाही. पण तो त्यांच्याकडूनच घेण्याची सक्ती नाही. साधा टर्म विमा बाहेरून घ्या, वर्षाला हप्ता भरा. कर्ज दुसऱ्या बँकेत नेलं तरी तो तुमचाच राहतो.

हे सगळं तपासायला एक चांगला कागद आहे. १ ऑक्टोबर २०२४ पासून नव्या कर्जासोबत मुख्य तथ्य विवरण, बँकेच्या भाषेत केएफएस, द्यावं लागतं, तेही कर्जदाराला समजेल अशा भाषेत. मराठीत मागा. त्यात वार्षिक टक्केवारी दर, एपीआर, असतो. शुल्क आणि बँकेमार्फत वसूल होणारा विमा त्यात धरलेला असतो. दोन बँकांची तुलना जाहिरातीतल्या दरावर करू नका, या आकड्यावर करा, आणि मुदत दोन्हीकडे सारखी ठेवून करा.

‘पण करात वाचतं ना?’ हा प्रश्न हमखास येतो. जुन्या करप्रणालीत राहत्या घराच्या व्याजावर वर्षाला जास्तीत जास्त २ लाखांची वजावट मिळते. आपल्या उदाहरणात पहिल्या वर्षीचं व्याज ४ लाख २१ हजार. म्हणजे निम्म्याहून जास्त व्याजाला वजावट नाही. ३० टक्क्यांच्या टप्प्यात असाल तर वाचतात ६२,४०० रुपये. नव्या करप्रणालीत राहत्या घराला ही वजावटच नाही, आणि आता न सांगता नवीच लागू होते. कर वाचतो म्हणून कर्ज फेडायचं नाही, हा सल्ला कोणी दिला तर आधी विचारा, कुठल्या प्रणालीत?

मग लवकर फेडावं का? व्यक्तीच्या फ्लोटिंग घरकर्जावर मुदतपूर्व फेडीचा दंड नाही. आणि वेळ फार महत्त्वाची. पहिल्या वर्षाच्या शेवटी २ लाख जादा भरले आणि हप्ता तोच ठेवला, तर एकवीस महिने कमी होतात, व्याज सव्वासात लाखांनी वाचतं. तेच २ लाख दहाव्या वर्षी भरले तर दहा महिने, अडीच लाख. त्यामुळे बोनस, दिवाळीत उडून जाण्याआधीच, सुरुवातीच्या वर्षांत इकडे वळवा. पण सहा महिन्यांच्या खर्चाइतकी रोकड हाताशी ठेवूनच. कर्जात घातलेला पैसा अडचणीत परत मागता येत नाही. भरताना ‘मुदत कमी करा’ असं लिहून द्या, नाहीतर काही ठिकाणी हप्ता कमी करून टाकतात आणि वीसची वीस वर्षं तशीच राहतात.

शेवट कर्ज संपण्याचा. शेवटचा हप्ता गेला की काम संपत नाही. नाहरकत दाखला आणि मूळ कागदपत्रं, विशेषतः मूळ करारनामा, इंडेक्स टू (नोंदलेल्या दस्ताचा उतारा) आणि नोंदणीची पावती, यादीशी ताडून घ्या. १ डिसेंबर २०२३ नंतर कर्ज फिटलेल्यांसाठी नियम असा की बँकेने तीस दिवसांत कागद परत करायचे. बँकेमुळे उशीर झाला तर दिवसाला ५,००० रुपये भरपाई. सेरसाई या गहाणांच्या केंद्रीय नोंदवहीवरचा बोजा बँकेकडून काढून घ्या. सोसायटीला दाखल्याची प्रत देऊन तिच्या नोंदीतला बँकेचा हक्क रद्द करून घ्या. आणि स्वतःची जागा, बंगला असेल तर सातबाऱ्यावर ‘इतर हक्क’ रकान्यात किंवा मिळकत पत्रिकेवर बँकेचा बोजा चढलेला असतो. तो आपोआप उतरत नाही. दाखला जोडून तलाठी किंवा नगर भूमापन कार्यालयात अर्ज करावा लागतो, फेरफार मंजूर होऊन नवा उतारा हातात येईपर्यंत पाठपुरावा करावा लागतो. विकताना, वाटणी करताना, किंवा पुढच्या पिढीच्या कर्जासाठी उतारा काढल्यावर पंधरा वर्षांपूर्वी फिटलेलं कर्ज तिथे जिवंत दिसतं, आणि तोवर ती शाखा दुसऱ्याच बँकेत विलीन झालेली असते.

प्रश्न असतील तर विवरण समोर ठेवून विचारा.